सर चार्ल्स आणि टपालाचं कंत्राट

१९३२ साली ब्रिटनच्या राजानं चार्ल्स किंग्सफर्ड स्मिथ या ऑस्ट्रेलियन वैमानिकाला ‘सर’ केलं. त्या काळात हे सर चार्ल्स काय करत होते? गावोगावच्या माळांवर आपलं जुनं तीन इंजिनांचं विमान उतरवत होते आणि माणशी दहा शिलिंग, म्हणजे अर्धा पौंड, घेऊन लोकांना आभाळात एक चक्कर मारून आणत होते. जत्रेतला पाळणेवाला करतो तोच धंदा, फक्त पाळणा मोठा. नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा म्हणतात ते हेच.

ते विमानही साधंसुधं नव्हतं. ‘सदर्न क्रॉस’ नावाच्या याच विमानानं चार वर्षांपूर्वी अमेरिकेतून निघून अख्खा पॅसिफिक महासागर ओलांडला होता आणि तोवर कुणालाच ते जमलं नव्हतं. त्या विमानाच्या मालकाचं नाव पुढे सिडनीच्या विमानतळाला मिळालं. लेकीकडे किंवा मुलाकडे सिडनीला जाणारे आपले मराठी आईबाप जिथे उतरतात आणि पिशवीतल्या लाडू-लोणच्यांचा जाब जिथे देतात, त्या विमानतळाचं अधिकृत नाव ‘किंग्सफर्ड स्मिथ’ आहे. कित्येकांना ते ठाऊकही नसतं, आणि त्यात त्यांचा दोष नाही. आपण विमानतळांची नावं वाचतो कुठे? सामानाचा पट्टा शोधतो.

स्मिथीवर (ऑस्ट्रेलियात त्याला सगळे स्मिथीच म्हणत) लिहिणारे बहुतेक जण त्याच्या विक्रमांची जंत्री मांडतात. मला मात्र त्याच्या आयुष्यातली जमाखर्चाची वही जास्त बोलकी वाटते. या माणसाला हवं होतं सरकारी टपालाचं कंत्राट. १९२० च्या दशकात नुसत्या उतारूंच्या भाड्यावर विमान कंपनी तगत नसे. पत्रांच्या पिशव्या ठरलेल्या दिवशी ठरलेल्या गावी पोचवायच्या आणि त्याबद्दल सरकारनं मैलामागे किंवा वर्षाकाठी ठरावीक पैसे द्यायचे, हा त्या धंद्याचा कणा होता. त्या कंत्राटाच्या शर्यतीत उतरायचं तर भांडवल हवं, भांडवलासाठी नाव हवं आणि नावासाठी विक्रम हवा. हा जिना स्मिथी आयुष्यभर चढत राहिला. वरचा दरवाजा काही त्याच्यासाठी उघडला नाही.

*

जन्म ९ फेब्रुवारी १८९७ चा, ब्रिस्बेनचा. बाप बँकेतला माणूस. सात भावंडांत हा शेंडेफळ. घरच्यांनी काही वर्षं कॅनडात काढली आणि १९०७ साली ते सिडनीला परतले. त्याच वर्षीच्या जानेवारीत बाँडायच्या समुद्रकिनाऱ्यावर हा पोरगा लाटेत ओढला गेला आणि किनाऱ्यावरच्या जीवरक्षकांनी त्याला बाहेर काढला, तेव्हा तो जवळजवळ गेल्यातच जमा होता. पुढे ज्यानं आयुष्याचा मोठा भाग समुद्रावरून उडण्यात घालवला, त्याची समुद्राशी पहिली भेट अशी झाली. शाळा कॅथेड्रलची, तिथे तो गाणाऱ्या मुलांच्या चमूत होता. सोळाव्या वर्षी साखर कंपनीत उमेदवारी. १९१५ साली, अठरा पूर्ण होताच, तो सैन्यात भरती झाला.

गॅलिपोलीच्या आघाडीवर तो संदेशवाहक तुकडीत होता. पुढे इजिप्त आणि फ्रान्समध्ये मोटारसायकलवरून निरोप पोचवण्याचं काम त्यानं केलं. मग १९१७ साली तो रॉयल फ्लाइंग कोअरमध्ये गेला. उडायला शिकला तो युद्धात, आणि युद्धासाठीच. जुलैत तो फ्रान्समध्ये २३ व्या स्क्वाड्रनमध्ये रुजू झाला. शत्रूची विमानं पाडली, जमिनीवरच्या लक्ष्यांवर हल्ले केले आणि ऑगस्टमध्ये स्वतःच गोळ्यांनी जायबंदी होऊन खाली आला. डाव्या पायाची बोटं कापावी लागली. शौर्याबद्दल मिलिटरी क्रॉस मिळाला, वय वीस. रुजू झाल्यापासून जखमी होईपर्यंत जेमतेम महिना-सव्वा महिना! त्या काळच्या वैमानिकांच्या आयुष्याचं माप असंच असे.

या २३ व्या स्क्वाड्रनशी मुंबईचंही नातं आहे. स्मिथी जखमी होऊन गेल्यानंतरच्या वर्षी श्रीकृष्ण वेलिंगकर हा मुंबईचा तरुण याच स्क्वाड्रनमध्ये वैमानिक म्हणून दाखल झाला. पहिल्या महायुद्धात ब्रिटिश विमानदलातून लढलेल्या मोजक्या भारतीयांपैकी तो एक. जून १९१८ मध्ये गस्तीवर असताना तो पाडला गेला आणि जर्मनांच्या ताब्यात असताना वारला. फ्रान्समधल्या हँगार्डच्या दफनभूमीत त्याची कबर आहे. दोघांची गाठ पडलेली नाही. पण वेलिंगकर जगता तर युद्धानंतर त्यानं काय केलं असतं, हा प्रश्न मला स्मिथीची कहाणी वाचताना सारखा पडतो. कारण युद्ध संपलं तेव्हा उडता येणारे शेकडो तरुण आणि मातीमोल भावात विकायला काढलेली शेकडो लष्करी विमानं एकाच वेळी मोकळी झाली. उडण्याची नोकरी मात्र कुठेच नव्हती.

स्मिथीनं जे मिळेल ते केलं. इंग्लंडात विमानातून फेऱ्या मारून आणण्याचा धंदा काढला, तो बसला. इंग्लंड ते ऑस्ट्रेलिया उड्डाणासाठी ऑस्ट्रेलियन सरकारनं १० हजार पौंडांचं बक्षीस लावलं, तेव्हा त्यात उतरायची तयारी केली; दिशादर्शनाचा अनुभव नाही म्हणून त्याला वगळलं गेलं. मग कॅलिफोर्नियात हवाई कसरती. १९२१ च्या आरंभी तो घरी परतला, तेव्हा गाठीला अनुभव होता, पैसा नव्हता.

*

त्याच वर्षी पश्चिम ऑस्ट्रेलियात नॉर्मन ब्रिअर्ली नावाच्या आणखी एका युद्धवीरानं सरकारकडून टपालाचं कंत्राट मिळवलं. जेराल्डटन ते डर्बी, सुमारे १९०० किलोमीटरचा किनारा. मध्ये कार्नार्व्हन, ब्रूम अशी दूरदूर विखुरलेली गावं, रेल्वे नाही, रस्ते नावाला. ब्रिअर्लीनं पाच वैमानिक निवडले, त्यांत स्मिथी होता. ऑस्ट्रेलियातल्या पहिल्या नियमित विमानसेवेच्या पहिल्या वैमानिकांपैकी तो एक. क्वांटासचं टपाल सुरू व्हायला अजून जवळजवळ वर्ष होतं.

सुरुवात अशुभ झाली. ५ डिसेंबर १९२१ रोजी, पहिल्याच दिवशी, ताफ्यातलं एक विमान कोसळलं. वैमानिक आणि मिस्त्री दोघेही गेले. आठवडाभर शोक पाळून मोकळं होण्यासारखी ती गोष्ट नव्हती. धावपट्ट्या सुरक्षित होईपर्यंत सेवा काही काळ बंदच ठेवावी लागली. मग ती रुळली. स्मिथी उन्हात भाजणाऱ्या त्या किनाऱ्यावरून पत्रं, औषधं, सुटे भाग आणि एखाद-दुसरा उतारू नेत राहिला. विक्रमांच्या कथांमध्ये या दोनेक वर्षांना एखादं वाक्य मिळतं. मला वाटतं, पुढचं सगळं स्वप्न त्यानं इथेच पाहिलं. टपालाची पिशवी वेळेवर पोचली की कंपनी जगते, हे त्यानं डोळ्यांनी पाहिलं. फक्त ती कंपनी दुसऱ्याची होती.

म्हणून १९२४ मध्ये त्यानं नोकरी सोडली आणि कीथ अँडरसन या सहकारी वैमानिकाबरोबर कार्नार्व्हनला मालवाहतुकीची कंपनी काढली. विमानांची नव्हे, ट्रकची. पायाला बोटं नसलेला मिलिटरी क्रॉसवाला मेंढपाळांच्या वाड्यांवरून लोकरीचे गठ्ठे वाहू लागला. धंदा चालला. ट्रकच्या कमाईतून दोघांनी दोन जुनी ब्रिस्टल विमानं घेतली आणि सिडनी गाठली. ॲडलेड ते पर्थ टपालाच्या कंत्राटासाठी निविदा भरली आणि ते कंत्राट दुसऱ्याला गेलं. हा नकार पुढे अनेकदा पचवायचा होता.

इथे चार्ल्स उल्म गोष्टीत येतो. तोही गॅलिपोलीतला सैनिक, पण डोकं व्यापाऱ्याचं. नाव झाल्याखेरीज कुणी पैसे देणार नाही, हे गणित त्यानं मांडलं. जून १९२७ मध्ये दोघांनी जुन्या ब्रिस्टलमधून अख्ख्या ऑस्ट्रेलियाला १० दिवस ५ तासांत प्रदक्षिणा घातली, आधीच्या विक्रमाच्या निम्म्याहून कमी वेळात. न्यू साउथ वेल्सच्या सरकारनं खूश होऊन पॅसिफिकच्या उड्डाणासाठी पैसे दिले. दोघे, आणि अँडरसनही, अमेरिकेला गेले. तिथे ध्रुवप्रदेशात उडून आलेलं एक फोकर विमान विकाऊ होतं. इंजिनं नाहीत, उपकरणं नाहीत, नुसता सांगाडा. तो घेतला, त्यावर राइट कंपनीची तीन इंजिनं चढवली, आणि तेवढ्यात मायदेशी निवडणूक झाली. नवं सरकार आलं, त्यानं हात आखडता घेतला. विमान आहे, पेट्रोलला पैसे नाहीत! देणेकरी दारात उभे. सर्वांत जास्त वेळ हवेत राहण्याचा जागतिक विक्रम करून बक्षीस मिळवायचा प्रयत्न झाला. ५० तास उडत राहूनही तो विक्रम थोडक्यात हुकला. अँडरसन कंटाळून परत गेला. शेवटी ॲलन हॅनकॉक या तेल आणि जहाजांच्या व्यापाऱ्यानं विमान विकत घेतलं आणि ते त्यांनाच वापरायला दिलं.

*

३१ मे १९२८, सकाळ. कॅलिफोर्नियातल्या ओकलंडहून ‘सदर्न क्रॉस’ उडालं. पुढे स्मिथी आणि उल्म. मागच्या भागात हॅरी लायन आणि जेम्स वॉर्नर हे दोन अमेरिकन, एक दिशादर्शक आणि दुसरा बिनतारी संदेशांचा जाणकार. मध्ये पेट्रोलची भली थोरली टाकी. तीन इंजिनांचा आवाज असा की शेजारच्याच्या कानात ओरडलेलंही कळत नसे. मग पुढच्यांनी मागच्यांना आणि मागच्यांनी पुढच्यांना चिठ्ठ्या लिहायच्या आणि त्या काठीच्या टोकाला अडकवून टाकीवरून सरकवायच्या. दिशा किती, पेट्रोल किती, इंजिनातून ठिणग्या का येताहेत, सगळं काठीवर. पॅसिफिक महासागर पहिल्यांदा विमानानं ओलांडला गेला तो असा चिठ्ठ्या-चपाट्यांच्या व्यवहारावर.

हवाईपर्यंत २७ तास २५ मिनिटं. तो टप्पा अवघड होता, पण आधी काहींनी पार केला होता. खरी कसोटी पुढची. हवाई ते फिजी पाच हजारांहून जास्त किलोमीटर, वाटेत उतरायला जागा नाही, वादळं आणि पाऊस, आणि फिजी म्हणजे नकाशावर पेन्सिलनं ठेवलेला ठिपका. साडेचौतीस तासांनी ते सुव्हाला पोचले. तिथे धावपट्टी नव्हती. होतं आल्बर्ट पार्क हे खेळाचं मैदान. गावकऱ्यांनी कडेची झाडं पाडून, तारा काढून ते मोकळं केलेलं. पंधरा-सोळा मीटरची गाडी दामटून शिवाजी पार्कात उभी करायची, अशातलं काम. मैदान संपत आलं तेव्हा स्मिथीनं विमान गर्रकन वळवून थांबवलं. त्या बेटावरच्या बहुतेकांनी विमान असं पहिल्यांदाच पाहिलं. बघ्यांत उसाच्या मळ्यांवर गिरमिटिया म्हणून आलेल्या भारतीयांची मुलंबाळंही असणार. त्या काळी सुव्हात त्यांची वस्ती मोठी होती.

इतक्या भरलेल्या टाक्यांनी आल्बर्ट पार्कवरून पुन्हा उडणं अशक्य होतं. म्हणून दूरच्या नासेलाई किनाऱ्यावरून, ओहोटीच्या वाळूवरून ते उडाले. शेवटचा टप्पा अंतरानं लहान, पण सर्वांत वाईट. वादळ, अंधार, आणि होकायंत्रात बिघाड. किनारा लागला तो ब्रिस्बेनच्या कितीतरी दक्षिणेला, बॅलिनाजवळ. किनारा धरून उत्तरेला येत ९ जूनला सकाळी ते ब्रिस्बेनला उतरले. एकूण सुमारे ८३ तासांचं उड्डाण. मैदानावर २५ हजारांची गर्दी. इंजिनांच्या आवाजानं कानठळ्या बसलेल्या स्मिथीला तिचा जयजयकार ऐकूही येत नव्हता म्हणतात. हॅनकॉकनं विमान त्यांना भेट देऊन टाकलं, वर कर्जही माफ केलं. उताराला लागलेल्या माणसाला असा सावकार भेटणं दुर्मीळच!

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये त्यांनी टास्मान समुद्र ओलांडला. सिडनी ते क्राइस्टचर्च, साडेचौदा तास. हाही पहिलाच. नाव झालं होतं. आता कंपनी काढायची होती.

*

आणि इथेच ती दुर्घटना घडली जी त्याला शेवटपर्यंत चिकटून राहिली. ३१ मार्च १९२९ ला स्मिथी, उल्म आणि दोघे सहकारी नव्या कंपनीसाठी विमानं घ्यायला इंग्लंडला निघाले. वायव्य ऑस्ट्रेलियात वादळात रस्ता चुकले, पेट्रोल संपत आलं आणि ग्लेनेल्ग नदीच्या मुखाशी एका खाजणात त्यांना उतरावं लागलं. संदेश पाठवायचं यंत्र चालेना. खायला जवळजवळ काही नाही. होती थोडी कॉफी आणि ब्रँडी. दोन्ही मिसळून ते पीत बसले आणि त्या जागेचं नावच त्यांनी त्या पेयावरून ‘कॉफी रॉयल’ ठेवलं. बाराव्या-तेराव्या दिवशी शोधविमानानं त्यांना पाहिलं.

त्यांना शोधायला आणखी एक विमान निघालं होतं. ‘कूकाबरा’. वैमानिक कीथ अँडरसन, सोबत मिस्त्री बॉब हिचकॉक. तोच अँडरसन, कार्नार्व्हनच्या ट्रकचा भागीदार, जो पॅसिफिकच्या मोहिमेतून बाहेर पडला होता आणि ज्यानं नंतर स्मिथीवर दावाही लावला होता. तनामी वाळवंटात इंजिनातल्या बिघाडामुळे ते दोघे उतरले. झुडपं तोडून विमान उडवायचा प्रयत्न केला, जमलं नाही. पाणी संपलं. तहानेनं ते गेले. अँडरसननं सुकाणूवरच्या कापडावर रोजनिशी लिहिली होती, ती सापडली.

ऑस्ट्रेलिया दोन दिवसांत फिरला. कालचा देव आज ढोंगी झाला. हा हरवण्याचा बनाव होता, प्रसिद्धीसाठी केलेला डाव होता, अशी कुजबुज सुरू झाली. चौकशी बसली. तिनं बनावाचा आरोप फेटाळला, निष्काळजीपणाबद्दल मात्र कान उपटले. मला या प्रकरणात स्मिथी निर्दोष वाटत नाही, पण लोक म्हणत होते त्या अर्थानं दोषीही वाटत नाही. शिधा आणि संदेशयंत्र नीट न तपासता निघणं हा गुन्हाच. पण तो बेफिकिरीचा. कटाचा नव्हे. शिवाय विक्रमांच्या जोरावर कंपनी उभी करायची म्हटलं की प्रसिद्धी हा कच्चा माल होतो, आणि मग लोकांना तुमची प्रत्येक आपत्ती जाहिरात वाटू लागते. ती किंमत त्यानं मोजली. अँडरसन आणि हिचकॉकनं मात्र जीव दिला.

*

१ जानेवारी १९३० रोजी स्मिथी-उल्म यांची ऑस्ट्रेलियन नॅशनल एअरवेज सुरू झाली. ‘सदर्न क्रॉस’च्याच घाटाची तीन इंजिनांची विमानं. सिडनी-ब्रिस्बेन रोज, पुढे सिडनी-मेलबर्नही. सरकारी अनुदान एका पैचंही नाही. तरीही लोक बसत होते. स्वतः स्मिथीनं त्या वर्षी अटलांटिक पश्चिमेकडे ओलांडला आणि इंग्लंडहून ऑस्ट्रेलियाला एकट्यानं दहा दिवसांच्या आत आला. डिसेंबरात त्यानं दुसरं लग्न केलं. पहिलं लग्न मोडलं होतं.

२१ मार्च १९३१ ला ‘सदर्न क्लाउड’ हे कंपनीचं विमान सिडनीहून मेलबर्नला निघालं. दोन वैमानिक, सहा उतारू. वादळाची सुधारित सूचना आली तेव्हा विमान उडून गेलं होतं, आणि विमानात बिनतारी यंत्र नव्हतं. ते परत आलं नाही. सांगाडा सापडला २७ वर्षांनी, १९५८ साली, स्नोई पर्वतातल्या धरण प्रकल्पावरच्या एका कामगाराला. शोधमोहिमेचा खर्च, मंदी, कमी झालेले उतारू. जूनमध्ये नियमित सेवा बंद पडली.

त्या वर्षीची आणखी एक गंमत सांगितली पाहिजे, कारण ती टपालाबद्दलच आहे. एप्रिलमध्ये इंग्लंड ते ऑस्ट्रेलिया प्रायोगिक टपाल पाठवण्यात आलं. इंपीरियल एअरवेजचं विमान भारतावरून पुढे गेलं आणि तिमोरमध्ये कोसळलं. अडकलेलं टपाल आणायला गेलं कोण? ‘सदर्न क्रॉस’ घेऊन स्मिथी. वर्षअखेरीस नाताळचं टपाल इंग्लंडला निघालं, तर त्याच्या कंपनीचं विमान मलायात अलोर स्टारला निकामी झालं. पुन्हा स्मिथीच दुसरं विमान घेऊन धावला आणि पिशव्या लंडनला पोचवल्या. म्हणजे टपाल पोचवून दाखवलं होतं. पण १९३४ मध्ये साम्राज्याच्या टपालाचं कंत्राट ठरलं, तेव्हा सिंगापूर-ब्रिस्बेनचा टप्पा मिळाला क्वांटास एम्पायर एअरवेजला. तिथे पाठीशी इंपीरियल एअरवेज होती.

इथे मला आपल्याकडचा समांतर प्रसंग आठवल्यावाचून राहत नाही. रॉयल एअर फोर्समधून बाहेर पडलेला नेव्हिल विन्सेंट, तोही शौर्यपदकविजेता, १९२९ साली भारतात विमानं घेऊन फिरत होता. कराचीला येणारं विलायती टपाल मुंबई-मद्रासला विमानानं न्यायची योजना घेऊन तो जेआरडी टाटांकडे आला. सरकारनं अनुदान नाकारलं, वर्षं गेली. शेवटी विनाअनुदान करार झाला आणि १५ ऑक्टोबर १९३२ ला जेआरडी कराचीहून अहमदाबादमार्गे जुहूच्या खाजणात उतरले. तिथून पिशव्या घेऊन विन्सेंट बेल्लारीमार्गे मद्रासला गेला. लहानसं पस मॉथ विमान, जुहूला झापांची शेड. पावसाळ्यात जुहू पाण्याखाली गेलं की बिऱ्हाड पुण्याला, येरवड्याच्या तुरुंगाशेजारच्या मैदानावर. पहिल्या वर्षात ६० हजार रुपये नफा. विक्रम एकही नाही! म्हणजे योग्यता स्मिथीकडे कमी होती असं नव्हे. विन्सेंटच्या मागे टाटांची पेढी होती, जी दोन लाख रुपये घालून थांबायला तयार होती. स्मिथीच्या मागे जयजयकार करणारी गर्दी होती, आणि गर्दी भांडवल घालत नाही.

*

१९३३ ला इंग्लंड-ऑस्ट्रेलिया एकट्यानं सव्वासात दिवसांत. १९३४ ला विमानांच्या एका मोठ्या शर्यतीतून विमानातल्या दोषामुळे माघार. त्याबद्दल भेकड ठरवणारी पांढरी पिसं टपालानं त्याच्या घरी आली. मिलिटरी क्रॉसवाल्याला! मग तेच लॉकहीड आल्टेअर विमान, ‘लेडी सदर्न क्रॉस’, घेऊन पी. जी. टेलरबरोबर त्यानं पॅसिफिक उलट दिशेनं ओलांडला. त्यानंतर महिन्याभरात उल्म हवाईजवळ समुद्रात नाहीसा झाला.

टास्मानवर नियमित टपाल, ही आता एकच आशा उरली होती. १५ मे १९३५ ला राजाच्या रौप्यमहोत्सवाचं टपाल घेऊन ‘सदर्न क्रॉस’ न्यूझीलंडला निघालं. स्मिथी, टेलर आणि बिनतारीवर जॉन स्टॅनेज. निम्मा रस्ता सरला असताना मधल्या इंजिनाच्या धुराड्याचा एक तुकडा सुटला आणि उजव्या इंजिनाच्या पंख्यावर आदळला. पंखा फुटला, ते इंजिन बंद करावं लागलं. स्मिथीनं परत वळवलं. माल फेकला, पेट्रोल ओतून दिलं. उरलेल्या दोन इंजिनांवर विमान पाण्यालगत रखडत चाललं. आणि मग डाव्या इंजिनाचं तेल जळून संपत आलं. तेल संपलं की इंजिन जाम, इंजिन जाम की समुद्र.

तेल होतं, पण बंद पडलेल्या उजव्या इंजिनाच्या टाकीत. टेलर विमानाबाहेर पडला. पंखाला आधार देणाऱ्या दांडीवर पाय सरकवत, ताशी शंभर मैलांच्या वाऱ्यात, उजव्या इंजिनापाशी गेला. टाकीच्या तळाचा बूच काढून थर्मासात तेल धरलं, परतून ते एका छोट्या सुटकेसमध्ये ओतलं. मग डाव्या बाजूनं बाहेर. तिथला पंखा सुरू, तर त्याच्या वाऱ्यात माणूस टिकेना. म्हणून स्मिथी विमान थोडं वर चढवी, इंजिन मंद करी, आणि विमान पाण्याकडे घसरत असताना टेलर तेल टाकीत ओतून घेई. निम्मं वाऱ्यावर जाई. जरा वेळानं तेलाचा दाब पुन्हा उतरे आणि पुन्हा सगळं पहिल्यापासून. असं सहा वेळा. एवढं करूनही वजन जास्तच होतं. शेवटी टपालाच्या पिशव्या समुद्रात फेकाव्या लागल्या. स्मिथी ज्या गोष्टीसाठी झगडला ती त्यालाच बाहेर फेकायला सांगावी लागली, आणि त्यानंतर विमान कसंबसं सिडनीला पोचलं. टेलरला शौर्यपदक मिळालं, जे पुढे जॉर्ज क्रॉसमध्ये बदललं. दोन महिन्यांनी ‘सदर्न क्रॉस’ सरकारनं ३ हजार पौंडांना विकत घेतलं. आज ते ब्रिस्बेन विमानतळाजवळ काचेच्या दालनात आहे.

आल्टेअर अजून हाती होतं. तब्येत बरी नव्हती, वय ३८, घरी लहान मुलगा. एक प्रयत्न गारांनी अर्ध्यावर सोडावा लागला होता. तरी ६ नोव्हेंबर १९३५ ला सहवैमानिक टॉमी पेथीब्रिजसह तो इंग्लंडहून निघाला. इंग्लंड-ऑस्ट्रेलिया विक्रम मोडायचा होता. अथेन्स, बगदाद, अलाहाबाद. याच अलाहाबादहून १९११ साली हेन्री पेके या फ्रेंच वैमानिकानं साडेसहा हजार पत्रं यमुनेपलीकडे नैनीला नेली होती, जगातलं पहिलं अधिकृत हवाई टपाल. स्मिथीनं तिथे पेट्रोल भरलं आणि ७ तारखेला रात्रीच्या प्रवासासाठी सिंगापूरच्या दिशेनं उडाला. कलकत्ता, अक्याब, रंगून ओलांडलं. त्याच वाटेनं उडणाऱ्या मेलरोज या तरुण वैमानिकानं अंदमान समुद्रावर वादळाशी झुंजणारं ते विमान पाहिल्याचं सांगितलं. त्यानंतर काही नाही. दीड वर्षानं ब्रह्मदेशातल्या मच्छीमारांना आये बेटाजवळ विमानाचा एक पाय चाकासह सापडला. लॉकहीडनं तो ओळखला. चाकात हवा होती.

ऑस्ट्रेलियन नॅशनल एअरवेज हे नाव १९३६ मध्ये दुसऱ्याच एका घराण्यानं आपल्या विमान कंपनीसाठी घेतलं आणि ती चांगली चालली. चलनात दशमान पद्धत आली तेव्हा २० डॉलरच्या नोटेवर स्मिथीचा चेहरा छापला गेला. आणि ३० एप्रिल १९४० रोजी ‘आओतेआरोआ’ नावाची उडती बोट ऑकलंडहून सिडनीला निघाली: टास्मानवरची पहिली नियमित सेवा, ठरलेलं वेळापत्रक, भाडं भरणारे उतारू, टपालाच्या पिशव्या, आणि कंपनीच्या भागभांडवलात सरकारचा पैसा.